तिसऱ्या घंटेनंतरचा कॅमेरा

लग्नाची सीडी बघताना एक गोष्ट तुमच्याही लक्षात आली असेल. मंगलाष्टकं संपतात, अंतरपाट दूर होतो, अक्षता पडतात. नवरीची आई मागे उभी राहून पदराने डोळे टिपत असते. आणि नेमका त्याच क्षणी आपला शूटिंगवाला फेटे बांधून बसलेल्या मंडळींकडे, नाहीतर मांडवाच्या झुंबराकडे वळलेला असतो. आपण टीव्हीसमोर बसून ओरडतो, "अरे, इकडे बघ ना!" त्याला काय ऐकू येणार! त्याच्या डोळ्यांनी जे पाहिलं तेच आपल्या वाट्याला येतं.

आता हीच गोष्ट नाटकाच्या बाबतीत कल्पून बघा. रंगमंचावर पाच माणसं आहेत. एक बोलतंय, चार ऐकताहेत. नाट्यगृहात बसलेल्या बाईला मोकळीक असते. तिला वाटलं तर ती बोलणाऱ्याकडे बघेल, नाहीतर कोपऱ्यात भाजी निवडत बसलेल्या सुनेकडे. पण हेच नाटक कॅमेऱ्याने टिपून पडद्यावर दाखवायचं म्हटलं, की कुणीतरी एक माणूस आपल्या सगळ्यांच्या वतीने ठरवतो, आता कुणाकडे बघायचं. त्या माणसाच्या कामाबद्दल आपल्याकडे कुणी फारसं बोलत नाही. पोस्टरवर त्याचं नाव बारीक अक्षरात असतं. मला मात्र गेली काही वर्षं त्याच कामाचं भारी कुतूहल लागून राहिलंय.

आधी एक खुलासा करते. नाटकावरून सिनेमा काढणं वेगळं. तिथे दिग्दर्शक नाटक घराबाहेर काढतो, नदीकाठी नेतो, चार गाणी घालतो. मी म्हणतेय ते नाटकाचा चालू प्रयोग, समोर तिकीट काढून बसलेल्या प्रेक्षकांसकट टिपायचा आणि थिएटरच्या मोठ्या पडद्यावर दाखवायचा. लंडनच्या नॅशनल थिएटरने हे काम २००९ साली मोठ्या प्रमाणावर सुरू केलं. त्या वर्षी २५ जूनला 'फेद्र' नाटकाचा प्रयोग रंगमंचावर चालू असतानाच ब्रिटनमधल्या सत्तरहून अधिक चित्रपटगृहांत थेट दाखवला गेला. फेद्रच्या भूमिकेत हेलन मिरेन. सावत्र मुलाच्या प्रेमात पडलेल्या राणीची ही गोष्ट. रासीनचं सतराव्या शतकातलं फ्रेंच नाटक, टेड ह्यूजने इंग्रजीत आणलेलं. त्याआधी अडीच वर्षं, ३० डिसेंबर २००६ला, न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेराने मोझार्टचा 'मॅजिक फ्लूट' असाच चित्रपटगृहांत पोचवला होता. म्हणजे वाट ऑपेराने दाखवली, नाटक मागून गेलं.

आता हे काम चालतं कसं ते सांगते, कारण खरी गंमत तिथेच आहे.

नाटक बसवणारा दिग्दर्शक वेगळा आणि पडद्यासाठी दिग्दर्शन करणारा वेगळा. 'फेद्र' रंगमंचावर निकोलस हायटनरने बसवलं होतं, पडद्यासाठी रॉबिन लफने ते टिपलं. हा पडद्याचा दिग्दर्शक आधी साध्या प्रेक्षकासारखा प्रयोगाला जाऊन बसतो. मग पूर्ण रंगमंच दिसेल असं एका जागेवरून केलेलं चित्रण घरी घेऊन जातो आणि ते पुन्हा पुन्हा बघतो. नाटकाची संहिता समोर ठेवून वाक्यावाक्याला खुणा करतो. या वाक्याला दोन नंबरचा कॅमेरा, चेहरा जवळून. ती वळली की चार नंबर. तो दार उघडून आला की सगळा रंगमंच दिसू दे. अशा शेकडो खुणा. आपण उन्हाळ्यात पापडाचा घाट घालतो तेव्हा पीठ किती, लाट्या किती, वाळवायला गच्ची कुणाची हे आधी ठरवून ठेवतो ना, त्यातलाच प्रकार. ऐन वेळी विचार करायला उसंत नसते.

मग नाट्यगृहातल्या काही खुर्च्या काढून कॅमेरे बसवतात. एखादा रुळावरून डावीकडून उजवीकडे सरकणारा, एखादा लांब दांड्यावर वर-खाली होणारा, बाकीचे कोपऱ्याकोपऱ्यांत. कॅमेऱ्यांसकट रंगीत तालीम होते. ती बघून नाटकाचा दिग्दर्शक आणि पडद्याचा दिग्दर्शक शेजारी बसून वाद घालतात, "इथे तिचा चेहरा हवा होता, तुम्ही हात दाखवलात." मग दुरुस्त्या, पुन्हा तालीम. आणि प्रत्यक्ष प्रयोगाच्या रात्री हा माणूस नाट्यगृहात नसतोच! तो बाहेर उभ्या केलेल्या गाडीत, छोट्या छोट्या पडद्यांच्या भिंतीसमोर बसलेला असतो. प्रत्येक पडद्यावर एकेका कॅमेऱ्याला दिसणारं चित्र. शेजारी एक जण मोठ्याने आकडे पुकारतो, दिग्दर्शक सांगतो, बटण दाबणारा बटण दाबतो. आत नट चुकला, अडखळला, मध्येच थांबला, तरी यांना त्याच्याबरोबर थांबायचं आणि त्याच्याबरोबर पुढे जायचं. थेट प्रक्षेपणात "पुन्हा एकदा घेऊ" हा शब्दच नाही.

रंगभूषाकारांचीही धांदल उडते. शेवटच्या रांगेतल्या बाईला डोळे दिसावेत म्हणून काढलेली काजळाची जाड रेघ पडद्यावर भुतासारखी दिसते. टोपाची कपाळावरची जाळी दिसते. म्हणून ते सगळं हलकं करायचं. प्रकाशाचंही तसंच. आपले डोळे काळोखाला सरावतात, कॅमेरा तेवढा सरावत नाही, म्हणून अंधारे कोपरे थोडे उजळावे लागतात. नटांना मात्र सांगितलेलं असतं, कॅमेऱ्याकडे लक्ष देऊ नका, समोर बसलेल्या माणसांसाठीच करा. मला हे फार शहाणपणाचं वाटतं. समोर माणसं हसली नाहीत तर विनोदी नाटकातला नट करणार तरी काय?

माझी एक आत्या आहे. लग्नाआधी पुण्यात असताना तिने भरपूर नाटकं पाहिली. लग्न होऊन तालुक्याच्या गावी आली आणि चाळीस वर्षांत नाट्यगृहाची पायरी चढली नाही. कुणी बंदी घातली नव्हती हो! पण प्रयोग रात्री साडेनऊचा, सुटणार साडेबाराला, शेवटची एसटी गेलेली, सकाळी साडेपाचला दूधवाला आणि घरात सासूबाईंची औषधं. नंतर नंतर तर दौरेच आमच्या बाजूला यायचे कमी झाले. मग नाटकांच्या सीड्या आल्या आणि आत्याच्या दुपारी पालटल्या. जेवणं आटोपली, भांडी घासून झाली, की दोन ते पाच नाटक.

या आत्याइतकी कडक समीक्षक मी दुसरी पाहिली नाही. एका गाजलेल्या नाटकाची सीडी (नाव नको, उगाच वाद) बघताना ती एकदम उसळली. नाटकात नवरा बायकोला फार लागेल असं बोलतो. कॅमेरा नवऱ्यावर. तो बोलतोय, बोलतोय, बोलतोय. आत्या म्हणाली, "अगं, ती दिसू दे की! त्याचं ऐकू येतंय मला. तिचं काय झालं ते कुठे ऐकू येतं?"

नाटक चित्रित करण्यावरची चार इंग्रजी पुस्तकं वाचली असती तरी मला हे इतकं नीट कळलं नसतं. बोलणाऱ्याचा आवाज पोचतोच. ऐकणाऱ्याचा चेहरा दाखवला नाही तर पोचत नाही. आणि आपल्या नाटकांत, आपल्या घरांत, बऱ्याचदा ऐकणारी कोण असते ते मी तुम्हाला सांगायला नको. चांगला पडद्याचा दिग्दर्शक ही ऐकणारी माणसं सोडत नाही. वाईट दिग्दर्शक ज्याच्या तोंडी वाक्य त्याच्यावर कॅमेरा, एवढाच हिशोब करतो.

उलट टोकाचाही त्रास असतो. बार्बरा विलिस स्वीट ही कॅनडाची दिग्दर्शिका. मेट्रोपॉलिटन ऑपेराचे प्रयोग पडद्यासाठी करणाऱ्यांत ही बाई होती. मार्च २००८मध्ये तिने वाग्नरचा 'ट्रिस्टन आणि इझोल्ड' केला. हा ऑपेरा बराच लांबलचक, आणि त्यात बराच वेळ दोन माणसं नुसती उभं राहून गातात. हिने पडद्याचे चौकोन केले. एका चौकोनात ती, एकात तो, एकात अख्खा रंगमंच, चौकोन लहानमोठे होताहेत. अनेक जाणकार खवळले. आम्हाला हवं तिकडे बघू द्या, म्हणाले. काहींना मात्र ते आवडलंही. मला स्वतःला बार्बराबाईंची बाजू थोडी पटते. नाट्यगृहात आपण एकाच वेळी दोघांना बघतो, मग पडद्यावर दोघं एकत्र का नकोत? पण चौकोन सारखे हलायला लागले की माणूस गाण्याऐवजी चौकोनच बघत बसणार, हेही खरं. एक बरं झालं, एवढा गदारोळ होऊनही तिला नंतर मेटचं काम मिळत राहिलं. (त्याच मेटचे बरेच प्रयोग करणारा दुसरा दिग्दर्शक म्हणजे गॅरी हॅल्व्होर्सन. तुमच्या मुली ज्या 'फ्रेंड्स' मालिकेची पारायणं करतात, तिचे कितीतरी भाग याच गृहस्थाने दिग्दर्शित केलेत. सोफ्यावरची विनोदी मालिका आणि ऑपेरा, हात तोच!)

चेहरा जवळून दाखवणं हे तर दुधारी शस्त्र. 'हॅमिल्टन' हे अमेरिकेतलं गाजलेलं संगीत नाटक. ते रंगमंचावर बसवणाऱ्या थॉमस केलनेच जून २०१६मध्ये त्याचं चित्रण केलं, काही प्रेक्षकांसमोर आणि काही रिकाम्या नाट्यगृहात. लोकांना ते २०२०मध्ये घरबसल्या बघायला मिळालं, आणि २०२५मध्ये अमेरिकेत मोठ्या पडद्यावर आलं. त्यात इंग्लंडचा राजा गाणं म्हणताना त्याच्या तोंडातून थुंकी उडते आणि हनुवटीवर ओघळते. नाट्यगृहातल्या मागच्या रांगेला हे कधी दिसलं असतं का? पडद्यावर सगळ्या जगाला दिसलं आणि त्याचीच चर्चा झाली. पण मला ते खटकलं नाही. माणूस जीव तोडून गातोय, त्याची ती खूण आहे.

आपल्याकडे या जवळच्या चेहऱ्याचा फटका केव्हाच बसून गेलाय. बालगंधर्वांना रंगमंचावर बघून बायका साडी नेसायला, गजरा माळायला शिकल्या, असं आपण आजीच्या तोंडून ऐकलेलं असतं. १९३७ साली बाबूराव पेंटरांनी 'साध्वी मीराबाई' हा बोलपट केला तो गंधर्वांच्या 'अमृतसिद्धी' नाटकावरून, आणि त्यात मीरा झाले होते स्वतः बालगंधर्व. त्यांचा जन्म १८८८चा. म्हणजे वय पन्नाशीला आलेलं. रंगमंचावर दिवे, अंतर आणि तो आवाज मिळून जी मीरा उभी राहत होती, तिच्यातलं अंतर कॅमेऱ्याने काढून घेतलं. नाटकात प्रेक्षक अर्धं काम स्वतःच्या मनाने करतो. कॅमेरा ते काम त्याला करू देत नाही. म्हणूनच केव्हा जवळ जायचं आणि केव्हा लांब राहायचं, यात पडद्याच्या दिग्दर्शकाची सगळी अक्कल पणाला लागते.

गंमत म्हणजे पूर्वी लोकांना हे चित्रण टिकावं असं वाटतच नव्हतं. १९६४ साली न्यूयॉर्कमध्ये रिचर्ड बर्टनचा 'हॅम्लेट' जोरात चालू होता. दिग्दर्शक जॉन गीलगुड. कपडे तालमीतल्यासारखे, रोजच्या वापरातले. त्याचे चालू प्रयोग टिपून सप्टेंबरमध्ये अमेरिकेतल्या शेकडो चित्रपटगृहांत फक्त दोन दिवस दाखवले, आणि करारच असा की नंतर सगळ्या प्रती नष्ट करायच्या. नाटक जसं प्रयोगानंतर विरून जातं, तसंच हेही जावं! १९८४ साली बर्टन वारला आणि त्याच्या पत्नीला घरच्या गॅरेजमध्ये एक प्रत सापडली. त्यामुळे तो हॅम्लेट आज आपल्याला बघता येतो. घरातली अडगळ आवरणाऱ्या बायकांचे उपकार इतिहासावर किती असतील, कुणी मोजले पाहिजेत.

"पण नाटक म्हणजे जिवंत कला, तिला डब्यात कसली भरता?" असं विचारणारी माणसं प्रत्येक गावात असतात. आमच्याकडेही आहेत. त्यांचं म्हणणं अगदीच खोटं नाही. पडद्यावरच्या नटाला आपल्या टाळ्या ऐकू जात नाहीत. संगीत नाटकातला 'वन्स मोअर' मागितला तर पडद्यावरची बाई काही परत गाणार नाही. (घरी रिमोट आहे म्हणा, मग दहा वेळा वन्स मोअर!) पण नॅशनल थिएटरच्या सुरुवातीच्या प्रयोगांनंतर नेस्टा नावाच्या ब्रिटिश संस्थेने प्रेक्षकांची पाहणी केली. २०१०च्या त्या अहवालात असं दिसलं की, चित्रपटगृहात बसून बघणाऱ्यांनी नाट्यगृहातल्यांपेक्षा जास्त भावनिक गुंतवणूक सांगितली. कारण उघड आहे. हेलन मिरेनचे डोळे त्यांना जवळून दिसत होते. आणि एक सांगू? ही "जिवंत कला, जिवंत कला" म्हणणारी मंडळी बहुतेक अशी असतात, ज्यांना रात्री साडेनऊला घराबाहेर पडताना कुणाला विचारावं लागत नाही.

मुंबईत नरिमन पॉइंटला एनसीपीएमध्ये लंडनचे हे चित्रित प्रयोग अधूनमधून दाखवतात. माझ्या भाचीने हट्टाने मला तिथे 'प्रायमा फेशी'ला नेलं. सुझी मिलर ही ऑस्ट्रेलियाची, आधी वकील, नंतर नाटककार. तिने लिहिलेलं हे एकपात्री नाटक. जोडी कोमर ही नटी. टेसा नावाची हुशार तरुण वकील, लैंगिक अत्याचाराचा आरोप असलेल्या पुरुषांना उलटतपासणीच्या जोरावर सोडवणारी. मग एक दिवस तीच बळी ठरते आणि साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभी राहते. ज्या प्रश्नांनी तिने दुसऱ्या बायकांना गप्प केलं, तेच प्रश्न आता तिच्यावर येतात. हा प्रयोग जुलै २०२२मध्ये ब्रिटनच्या चित्रपटगृहांत आला आणि अशा प्रकारच्या कार्यक्रमांचे तिथले कमाईचे विक्रम त्याने मोडले.

मी मुद्दाम कॅमेरा काय करतोय याकडे लक्ष ठेवून बसले होते. पहिल्या भागात टेसा टेबलांवर चढते, उड्या मारते, बोलता बोलता दुसऱ्यांचे आवाज काढते. कॅमेराही तिच्यामागे चपळ. त्या घटनेनंतर मात्र पडदा शांत होत गेल्यासारखा मला वाटला. एका जागी ती एकटी, भोवती फायलींनी भरलेल्या उंचच उंच भिंती, आणि तिचा जीव केवढासा. मग चेहरा. तो हलत नाही, आपल्यालाही हलू देत नाही. बोलणारी तीच, ऐकणारीही तीच. मला आत्या आठवली. सभागृहात कुणी खोकलंसुद्धा नाही. माझ्या शेजारी एक अनोळखी बाई बसल्या होत्या, साधारण माझ्याच वयाच्या. त्यांनी माझा हात केव्हा धरला ते मला कळलं नाही. दिवे लागल्यावर त्यांनी तो सोडला, "सॉरी हं" म्हणाल्या, आणि आम्ही एकमेकींचं नावही न विचारता निघालो.

लेखिकेने पुढे सांगितलंय की, उत्तर आयर्लंडमध्ये न्यायाधीशांच्या प्रशिक्षणात या प्रयोगाचं चित्रण दाखवलं जाऊ लागलं. बघा, रंगमंचावर झालेला प्रयोग संपून जातो. न्यायाधीश किती जण लंडनला जाऊन तिकीट काढणार होते?

आपल्या मराठी नाटकांची चित्रणं आता यूट्यूबवर पुष्कळ सापडतात. काही नीट केलेली आहेत, काही अशी, की मागच्या भिंतीला टेकून एक कॅमेरा ठेवलाय आणि ऑपरेटर चहाला गेलाय. आवाज विहिरीतून आल्यासारखा. पैसा कमी असतो हे मला कळतं. सात-आठ कॅमेरे, गाडी, दोन तालमी हे आपल्या निर्मात्याला परवडणारं नाही. पण तीन कॅमेरे असले तरी एक ऐकणाऱ्यावर ठेवता येतो. त्याला पैसे लागत नाहीत, आधी दोनदा नाटक बघावं लागतं. आणि नटांच्या अंगावर छोटे माइक लावा हो, एवढं कराच. चेहरा एक वेळ लांबून चालेल, पण शब्द गेला की नाटक गेलं.

इंग्रजी प्रयोग बघावेसे वाटले तर नॅशनल थिएटरचे बरेच प्रयोग डिसेंबर २०२०पासून घरी इंटरनेटवर पैसे भरून बघता येतात. यादी बदलत असते. भाषेची भीती वाटत असेल तर खाली येणारी इंग्रजी अक्षरं चालू करून ठेवा. ऐकून निसटलेलं वाचून पकडता येतं. मी अजूनही तसंच करते.

आमच्या भिशीच्या ग्रुपने आता महिन्यातली एक दुपार नाटकाला द्यायची ठरवली आहे. टीव्ही आमच्याकडचा, कारण तो मोठा. आत्यालाही आणणार आहोत. ती आता ऐंशीच्या घरात आहे, ऐकायला कमी येतं, म्हणून पुढची खुर्ची तिची. पहिलं नाटक कुठलं यावर अजून एकमत नाही. संगीत नाटक हवं म्हणणाऱ्या तिघी, "रडवणारं काही नको गं बाई" म्हणणाऱ्या दोघी. आत्याने फक्त एकच अट घातली आहे. मध्यंतर झालं पाहिजे आणि मध्यंतरात बटाटेवडा मिळाला पाहिजे.